पायाचा पाय: रविवारचं रोस्ट, सोमवारचा झणझणीत शेफर्ड्स पाय

आधी नावाचा घोळ मिटवू. इंग्लंडात नव्याने आलेला आपला माणूस 'शेफर्ड्स पाय' हे नाव पहिल्यांदा ऐकतो तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे मेंढपाळाचा पाय येतो, आणि तो मटण खाणारा असेल तर पाठोपाठ पायाचं सूपही. इथे दोन्ही नाही. हा पाय म्हणजे तळाशी रश्शातलं बारीक मांस, वर कुस्करलेल्या बटाट्याचा जाड थर, आणि सगळं ओव्हनमध्ये खरपूस भाजलेलं. आपण तो मेंढीच्या पायाच्या उरलेल्या रोस्टपासून करणार आहोत, म्हणून आमच्या घरी त्याचं नाव 'पायाचा पाय' पडलं ते पडलंच.

मुळात हा शिळ्याचा पदार्थ. आपल्याकडे उरलेल्या भाताचा फोडणीचा भात होतो, पोळ्यांचा कुस्करा होतो, तसंच हे. रविवारी अख्खं रोस्ट, सोमवारी उरलेलं थंड मांस बारीक करून बटाट्याखाली दडवायचं. 'कॉटेज पाय' हे नाव अठराव्या शतकाच्या अखेरीपासून आढळतं, 'शेफर्ड्स पाय' एकोणिसाव्या शतकात आलं. आज बीफ असेल तर कॉटेज आणि मेंढी असेल तर शेफर्ड्स, असा भेद करतात. कच्च्या खिम्यापासून करायची पद्धत आता जास्त रूढ आहे, पण भाजलेल्या मांसाची चव त्या खिम्याला येत नाही.

आणि शिळं रोस्ट व आपला मसाला यांची ओळखही नवी नाही. ब्रिटिश राजवटीत साहेबांच्या बंगल्यांवर उरलेलं थंड रोस्ट कांदा-मिरचीवर परतलं जायचं, त्याला जालफ्रेझी म्हणत. तेव्हा 'फ्यूजन' म्हणून फार ताठ मानेने मिरवायचं कारण नाही.

माझा पहिला रविवार

मी पहिल्यांदा लँबचा, म्हणजे कोकराचा, पाय आणला तेव्हा त्याला दही, मालवणी मसाला, आलं-लसूण असं सगळं चोपडून रात्रभर ठेवलं आणि दुसऱ्या दिवशी कडक तापलेल्या ओव्हनमध्ये सारला. पाऊण तासात मसाला काळाठिक्कर. स्मोक अलार्म बोंबलायला लागला, घरातला एक जण टॉवेल घेऊन त्याच्याखाली वारा घालतोय, दुसरा खिडक्या उघडतोय. मांस आत छान शिजलं होतं, पण चव बाहेरच राहिली होती, आणि तीही कडू.

त्यातून एक गोष्ट कळली, आणि पुढची सगळी कृती तिच्याभोवतीच फिरते: मसाल्याचा दिवस रविवार नाही, सोमवार आहे. दोन किलोच्या अख्ख्या तुकड्यात मसाला काही मिलिमीटरच शिरतो. आपल्या भाजलेल्या, कुटलेल्या मसाल्यांना ओव्हनची दीड-दोन तासांची कोरडी आच सोसत नाही. त्यांना तेल लागतं, ओल लागते, आणि हलवणारा हात लागतो. म्हणून रोस्ट साधं करायचं आणि दुसऱ्या दिवशी रस्सा आपला करायचा.

दुकानात

सुपरमार्केटात पायाचे दोन प्रकार दिसतील, हाडासकट आणि हाड काढून दोऱ्याने गुंडाळलेला. हाडाचाच घ्या, कारण सोमवारचा अर्धा रस्सा त्या हाडात आहे. हलाल खाटकाकडे गेलात तर तोंड उघडून सांगा, 'अख्खा पाहिजे, कापू नका.' आपल्यासारखा चेहरा पाहिला की तो करीचे तुकडे करायला सुरी उचलतोच. चौघांसाठी दोन किलोचा पाय पुरतो. जेवून साधारण चारपाचशे ग्रॅम मांस उरतं, आणि आपल्याला नेमकं तेवढंच हवं. इथे 'लँब' म्हणजे एक वर्षाच्या आतलं कोकरू आणि 'मटण' म्हणजे मोठी मेंढी. आपण ज्याला मटण म्हणतो ते बोकडाचं, ते मागायचं असेल तर 'गोट' म्हणा.

भारतात करणार असाल तर बोकडाची अख्खी मांडी घ्या. तिच्यात चरबी कमी आणि ती चिवट, त्यामुळे ट्रेमध्ये कपभर पाणी घालून, फॉइलने घट्ट झाकून १६० अंशांवर अडीच-तीन तास ठेवावी लागते. शेवटची वीस मिनिटं फॉइल काढून आच वाढवायची. पुढची कृती तीच.

बटाटे पिठूळ हवेत. मॅरिस पायपर किंवा किंग एडवर्ड असं पिशवीवर लिहिलेलं असतं. 'न्यू' किंवा 'सॅलड' पोटॅटो घेऊ नका, ते चिकट पडतात.

रविवार: साधं रोस्ट

शनिवारी रात्रीच पायाला सगळीकडून मीठ चोळून ठेवा, दोन किलोला सपाट दीड मोठा चमचा. झाकू नका, फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ताटात तसाच राहू द्या, म्हणजे वरची ओल सुकते आणि दुसऱ्या दिवशी रंग चांगला चढतो. लँबच्या चरबीचा वास बोकड खाणाऱ्यांना उग्र वाटतो. तसं असेल तर वरचा जाडजूड थर सुरीने छाटा, पण पूर्ण सोलू नका.

भाजायच्या तासभर आधी पाय बाहेर काढा. सुरीच्या टोकाने दहा-बारा खाचा पाडून त्यांत लसणाचे तुकडे खोचा. वर मिरपूड आणि चमचाभर तेल. बास. ट्रेच्या तळाशी दोन कांदे आणि एक गाजर जाड चिरून पसरा, त्यावर पाय ठेवा. ओव्हन २२० अंशांवर आधी तापलेला हवा. वीस मिनिटांनी आच १८० वर आणा आणि आणखी सव्वा ते दीड तास ठेवा. पंख्याचा ओव्हन असेल तर दोन्ही आकडे वीसने कमी धरा. ट्रे कोरडा दिसायला लागला की अर्धी वाटी पाणी घाला, नाहीतर तळचा कांदा जळतो आणि उद्याचा रस्सा कडवट होतो.

दहा-पंधरा पौंडांचा मांसाचा थर्मामीटर घ्या. हाडाला न टेकवता मधोमध खुपसायचा. ६० अंश झाले की मी बाहेर काढतो, आत गुलाबी राहतं. 'लाल दिसतंय, कच्चं आहे' म्हणणारे पाहुणे असतील तर ७० पर्यंत जाऊ द्या. अख्ख्या तुकड्यात जंतू बाहेरच्या बाजूला असतात आणि ती बाजू चांगली भाजलेली असते, म्हणून आत गुलाबी चालतं. हाड काढून गुंडाळलेल्या पायाला मात्र ही सूट नाही, तो पूर्ण शिजवायचा. आम्ही गुलाबी ठेवतो त्याला आणखी एक कारण आहे: हे मांस सोमवारी पुन्हा तापणार आहे.

फॉइल सैल टाकून वीस मिनिटं तसंच राहू द्या. मग कापा, जेवा. त्या जेवणाबद्दल मी इथे काही सांगत नाही, इंग्रजांनी ते पुष्कळ सांगून ठेवलंय.

रविवारची रात्र: आवराआवर

सुस्ती येते, पण ही वीस मिनिटं टाळू नका. उरलेलं मांस हाडावरून सोडवा, डब्यात भरा आणि जेवण झाल्यापासून तास-दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये टाका. दोन दिवसांत ते संपलं पाहिजे. सोमवारी जमणार नसेल तर तेव्हाच फ्रीझरमध्ये ठेवा.

ट्रेमध्ये जे काही तपकिरी, चिकट, तेलकट राहिलंय ते धुवून टाकलंत तर पदार्थ गेलाच म्हणून समजा. कपभर उकळतं पाणी घालून लाकडी उलथन्याने खरवडा. हा अर्क, तळचा कांदा-गाजर आणि हाड, सगळं एका पातेल्यात घ्या. वर सव्वा लिटर पाणी, चार मिरी, एक तमालपत्र. मंद आचेवर तासभर उकळू द्या. मीठ घालू नका, पायाला लावलेलं पुरेसं उतरतं. कोल्हापूर भागात मटण शिजवलेल्या बिनमसाल्याच्या पाण्याला अळणी म्हणतात. तांबडा आणि पांढरा, दोन्ही रस्से त्यावरच उभे असतात. हे भाजलेल्या हाडाचं अळणी, जरा गडद आणि किंचित गोडसर. गाळून, पातेलं थंड पाण्यात बसवून झटपट निववा आणि फ्रीजमध्ये ठेवा. सकाळी वर चरबीचा पांढरा थर गोठलेला असेल. तो टाकू नका.

सोमवार: तांबडा

मी हा पदार्थ तांबड्या-पांढऱ्यासारखा बघतो. तांबडा खाली, पांढरा वर. तिखटाचं काम खालचा थर करतो आणि जिभेला निवारा वरचा देतो. हे डोक्यात असलं की कुठे काय घालायचं ते आपोआप ठरतं.

चौघांना लागेल ते असं. मांस चारपाचशे ग्रॅम, दोन मोठे कांदे अगदी बारीक चिरून, एक गाजर बारीक तुकडे करून, मूठभर मटार. वाटणाला तीन मोठे चमचे सुकं खोबरं, एक चमचा तीळ, आठ लसूण पाकळ्या, इंचभर आलं आणि कोथिंबिरीच्या काड्या. मसाल्यात अर्धा चमचा हळद, दोन लहान चमचे कांदा-लसूण मसाला, पाऊण चमचा गोडा मसाला. एक मोठा चमचा टोमॅटो प्युरी, दोन आमसुलं आणि साधारण ४०० मिलिलिटर अळणी.

खोबऱ्याचा कीस इथे 'डेसिकेटेड' नावाने मिळतो, तो चालतो. कोरड्या तव्यावर मंद आचेवर तीळ आणि खोबरं बदामी होईपर्यंत भाजा. तव्यापासून हलू नका, बदामीचं काळं व्हायला अर्धं मिनिट लागत नाही. मग लसूण, आलं, काड्या आणि दोन चमचे पाण्यासोबत गंधासारखं वाटून घ्या. ओव्हनचं राहू द्या, खोबरं भाजतानाही खिडकी उघडी असू द्या, अलार्म आपल्याच स्वयंपाकाची वाट बघत असतो.

मांस सुरीने चिरा. मिक्सरमधून काढलंत तर लगदा होईल. हरभऱ्याच्या दाण्याहून थोडे मोठे तुकडे हवेत, कडेचे करपलेले भागही त्यात येऊ द्या, खरी चव तिथेच असते.

जाड बुडाच्या पातेल्यात अळणीवरची चरबी एक चमचा आणि साधं तेल एक चमचा घ्या. नुसत्या चरबीत केलंत तर वास पुन्हा डोकं वर काढतो. कांदा घाला, चिमूटभर मीठ, आणि मध्यम आचेवर पंधरा-वीस मिनिटं परता. घाई इथेच होते. अर्धवट गुलाबी कांदा चालणार नाही, तो पूर्ण तांबूस होऊन विरघळायला आला पाहिजे, कारण रश्शाला दाटपणा मैद्याने नाही, कांदा-खोबऱ्याने यायचाय. मग वाटण, आणि कडेने तेल सुटेपर्यंत परतणं. गाजर, हळद, टोमॅटो प्युरी. आच अगदी बारीक करून कांदा-लसूण मसाला. तो आधीच भाजून कुटलेला असतो, त्याला कडक तेल दाखवलं की रंग आणि चव दोन्ही जातात. दहा सेकंद परतून लगेच अळणी ओता.

झाकण न ठेवता पंधरा-वीस मिनिटं उकळू द्या. गाजर मऊ पडेल, रस्सा पिठल्याइतका दाट होईल. आमसुलं, मटार, गोडा मसाला घाला. चव घेऊन मीठ बघा आणि तिखट नेहमीपेक्षा अंमळ जास्तच ठेवा, वर किलोभर बटाटा येणार आहे.

मांस सगळ्यात शेवटी. पुन्हा सांगतो, सगळ्यात शेवटी. ते आधीच शिजलेलं आहे. कच्च्या मटणासारखं वीस मिनिटं रटरटवलंत तर त्याचे दोरे होतात. घाला, ढवळा, एक सणसणीत वाफ येऊ द्या, गॅस बंद. रस्सा सैल वाटला तर मांस घालायच्या आधी आटवा, नंतर नाही.

मसाल्याबद्दल थोडं. माझ्याकडे घरून आलेला कांदा-लसूण मसाला असतो म्हणून तो. मालवणीही छान लागतो, त्यातली बडीशेप लँबच्या वासाला चांगली आवरते. मात्र मालवणी घेतलात तर गोडा मसाला गाळा, दोघांचं एकमेकांशी जमत नाही. वसई-वांद्र्याच्या ईस्ट इंडियन घरांतला बॉटल मसाला मिळाला तर नशीबवान आहात. यातलं काहीच नसेल तर दीड चमचा काश्मिरी मिरची, एक चमचा धनेपूड, अर्धा जिरेपूड, अर्धा गरम मसाला. इथल्या डब्यातली 'करी पावडर' मात्र घेऊ नका. सगळ्याला एकच मेथी-हळदीची चव येते. आमसुलं नसतील तर वूस्टर सॉसचा एक चमचा. मूळच्या पदार्थात तो पडतोच, आणि १८३७ पासून विकल्या जाणाऱ्या त्या सॉसमध्ये चिंच असते, त्यामुळे आपल्या रश्शाला तो परका वाटत नाही. फक्त त्यात मासे असतात हे लक्षात असू द्या.

सोमवार: पांढरा

बटाटे नऊशे ग्रॅम. कुकरला हात लावू नका. कुकरमधला बटाटा पाणी पितो, भाजीला ते चालतं, इथे नाही. साली काढून सारखे मोठे तुकडे करा, थंड खारट पाण्यात घाला आणि मग आचेवर ठेवा. उकळी आल्यावर पंधरा ते अठरा मिनिटांत सुरी अलगद शिरते. पाणी पूर्ण निथळून बटाटे त्याच गरम पातेल्यात दोन-तीन मिनिटं उघडे ठेवा. वाफ निघून ते कडेने पांढुरके, भुरभुरीत दिसायला लागतील.

गरम असतानाच कुस्करा. मॅशर, पुरणयंत्र, नाहीतर पुरणाची चाळण. माझी भिस्त पुरणयंत्रावर, वर्षातून दोनदा निघणाऱ्या यंत्राला निदान काम मिळतं. मिक्सर किंवा ब्लेंडर कदापि नाही. पात्यांनी बटाट्यातला स्टार्च सुटतो आणि डिंक होतो. आधी ६० ग्रॅम लोणी मिसळा, मग गरम दूध थोडं थोडं करत ८० ते १०० मिलिलिटर. मीठ. शेवटी एका अंड्याचा पिवळा बलक, त्याने भाजताना वरचा थर धरून राहतो आणि रंग येतो.

आता मोह होईल. मोहरी-कढीपत्त्याची फोडणी, मिरची, हळद. मी केलंय ते. लागतं चांगलं, पण तो बटाटेवड्याचा मसाला होतो, आणि खालचा तांबडा व वरचा पिवळा एकमेकांशी भांडत बसतात. वरचा थर पांढराच राहू द्या. फार तर वर थोडं किसलेलं चेडर चीज.

थर आणि भट्टी

साधारण वीस बाय पंचवीस सेंटिमीटरचं, चांगलं खोल, ओव्हनमध्ये चालणारं भांडं घ्या. तांबडा त्यात पसरा आणि वीस मिनिटं निवू द्या, वर किंचित साय धरल्यासारखं दिसलं पाहिजे. गरम रश्शावर बटाटा टाकला की तो बुडतो आणि कडेने तर्री वर येते. बटाटा चमच्याने आधी कडेकडेने ठेवा, भांड्याला चिकटवून सील करा, मग मधला भाग भरा. काट्याने वर नांगरल्यासारख्या रेघा ओढा. जितके उंचवटे, तितका कुरकुरीतपणा.

२०० अंशांवर, पंख्याच्या ओव्हनमध्ये १८० वर, तीस ते पस्तीस मिनिटं. खाली एक ट्रे ठेवा, कडेने रस उतू जातोच. रेघांची टोकं तांबूस, कडेला लाल बुडबुडे, आणि मधोमध खुपसलेली सुरी बाहेर काढून मनगटाला लावली तर चटका बसला पाहिजे. मधला भाग नीट तापला नसेल तर बाहेर काढू नका, शिळं मांस आहे. काढल्यावर दहा मिनिटं थांबा, नाहीतर पहिला वाढप ताटात वाहतो.

सोबत काकडीची कोशिंबीर, लिंबाची फोड, कच्चा कांदा. भात-पोळीची गरज नाही. गरमागरमच खायचं, मेंढीची चरबी निवली की टाळूला मेणासारखी चिकटते. श्रावणात किंवा न खाणाऱ्यांसाठी मांसाऐवजी अर्धवट मोडलेला अख्खा मसूर घाला आणि अळणीऐवजी मसुराचं पाणी. वूस्टर सॉस, चरबी आणि बलक मात्र त्यातून वगळा, आणि कांदा तेलातच परता.

तयार शेफर्ड्स पाय उरवू नका. मांस एकदा थंड करून पुन्हा तापवलेलं आहे, मंगळवारी डब्यात न्यायला तिसऱ्यांदा तापवणं बरं नव्हे. माणसं कमी असतील तर आधीच चिरलेलं कोरं मांस आणि अळणी वेगवेगळं फ्रीझ करा. लागेल तेव्हा फ्रीजमध्येच वितळवून चोवीस तासांत वापरा, मसाला त्या दिवशी ताजा करा. आणि वाढायला उशीर करू नका. भांड्याच्या चार कोपऱ्यांत रस्सा आणि बटाटा एकत्र करपून जी खरपुडी धरते, ती आमच्याकडे मोजून चारच जणांना मिळते आणि पाचवा आला की भांडण होतं.